तांबडे पैसे, चपटे पैसे

मृग बरसला की आमच्या गावच्या पडवीत तांबडे पैसे चढायला लागतात. पैसा म्हणजे सहस्रपाद, पुष्कळ पायांचा किडा. शेतीवाले त्याला 'वाणी' म्हणतात, आमच्याकडे 'पैसा'. हात लावला की नाण्यासारखा गुंडाळतो म्हणून. आई सुपलीत भरून परड्यात टाकते. यंदा मी 14 उचलले, पनवेलला नेऊन पाळायला. शास्त्रीय नाव ट्रायगोनियुलस कोरॅलिनस. गोलसर, बोटाएवढा, पाळायला सोपा. मग हाव सुटली. विहिरीजवळचे काळे, चपटे, कडेला पिवळे ठिपके असलेले वीसेक पैसेही त्याच डब्यात टाकले. दादा म्हणाला, "आता तुझ्या घरात पैसाच पैसा!"

डबा लोणच्याचा, पक्क्या झाकणाचा. तिथेच घोळ झाला. मुंबई-गोवा महामार्गाच्या खड्ड्यांत तो पाच तास हिंदकळला. घरी झाकण उघडलं तर कडू बदामाचा भपकारा. चपट्यांना डिवचलं की ते हायड्रोजन सायनाइड सोडतात. बदामाचा वास त्याच्याबरोबर निघणाऱ्या बेन्झाल्डिहाइडचा. पाच तांबडे सैल पडले होते. बोट लावलं तरी गुंडाळेनात. चपटे मात्र बहुतेक खुशाल फिरत होते.

मग दोन टाक्या केल्या. तांबड्यांना जुना फिशटँक, त्यात वीतभर थर: आंब्याचं कुजलेलं लाकूड, ऐन-जांभळाचा पाचोळा, माती. डब्यातली गावची मातीही आळसाने त्यातच ओतली. थर खोल लागतो, कारण कात टाकायला ते खाली पोकळी करून पडून राहतात. मी एकदा उत्सुकतेने उकरलं. कात टाकत असलेला एक पैसा, पांढरट आणि लोण्यासारखा मऊ, माझ्या चमच्याखाली मोडला. तेव्हापासून चमचा स्वयंपाकघरातच. कवचाला कॅल्शियम हवं म्हणून गुहागरच्या किनाऱ्यावरून आणलेलं समुद्रफेन ठेवलं. काचेवर चढले की पोटाकडून नर ओळखता येतो: सातव्या कड्याखाली चालायचे पाय नसतात. उरलेल्या आठांत तीन नर निघाले.

गणपतीत काचेलगत मोहरीहून जराशा मोठ्या, मातकट गोळ्या दिसल्या. मादी एकेक अंडं अशा गोळीत गुंडाळून ठेवते. पुढे पांढरी पिल्लं निघाली, पायांच्या तीनच जोड्या घेऊन. सहस्रपाद म्हणे!

चपट्यांची टाकी मात्र बसली नाही. पाणी जास्त झालं, बुरशी धरली, नवरात्रापर्यंत सगळे मोठे गेले. मी नाद सोडला होता. दसऱ्यानंतर तांबड्यांच्या टाकीत भिंग लावून बसलो तर काही पिल्लं गोल दोऱ्यासारखी आणि काही चपटी, कडांना दातेरी. गावच्या त्या मातीत अंडी आली असणार.

आता ती निवडायची कशी? चिमट्यात धरली तर मरतील. राहू दिली एकत्रच. काचेचं झाकण काढून मच्छरदाणीची जाळी बांधली, आणि टाकीला कोणी धक्का लावायचा नाही, असं घरात सगळ्यांना बजावून ठेवलंय.