संचालकाला बोनस का नाही?

मी एका सेवाभावी संस्थेवर विश्वस्त आहे हे कळलं, की कंपन्यांत काम करणारे मित्र हमखास विचारतात, "तुमच्या संचालकांना कामगिरीप्रमाणे पैसे का नाही देत?" तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून एकदाच सविस्तर सांगते.

ह्या प्रश्नामागे एजन्सी थिअरी आहे. जेन्सन आणि मेकलिंग या अर्थतज्ज्ञांनी 1976 साली ती कंपन्यांसाठी मांडली. पैसा मालकाचा, कारभार दुसऱ्याच्या हाती, आणि कारभारी आधी स्वतःचं बघणार. मग त्याचं हित मालकाच्या हिताशी बांधा, नाहीतर त्याच्यावर नजर ठेवा. खर्च दोन्हींना येतो.

आता आमच्याकडे मालक कोण ते सांगा. देणगीदार पैसे देतो, पण सेवा त्याला मिळत नाही. ज्याला मिळते तो पैसे देत नाही, म्हणून त्याला बोलायची चोरी. आम्ही विश्वस्त तीन महिन्यांनी जमतो आणि अहवालावर सह्या करतो. नफा कुणालाच वाटून घेता येत नाही, त्यामुळे शिलकीवर डोळा ठेवून बसलेला भागधारकही नाही.

तरी आम्ही एकदा बोनस ठेवून पाहिला. रोजगार प्रशिक्षणाचं काम. किती जणांना नोकरी लागली त्यावर रक्कम. पहिल्याच वर्षी आकडा झकास वाढला. मला शंका आली ती प्रवेशाचं रजिस्टर चाळताना. घेतलेली बहुतेक मुलं अशी, की आमच्याविनाही त्यांना नोकरी लागली असती. शाळा अर्धवट सुटलेल्यांपुढे शेरा एकच: "पुढच्या तुकडीत बघू." संचालक लबाड नव्हत्या हो. आम्ही आकडा मागितला, त्यांनी आकडा दिला. कामं अनेक आणि मोजता येणारं एकच असलं, की सगळं लक्ष तिकडेच वाहतं, हे होल्मस्ट्रॉम आणि मिलग्रोम या अर्थतज्ज्ञांनी 1991 मध्येच गणितानं दाखवलं होतं. आम्हाला ते रजिस्टर बघून कळलं.

ग्नीझी आणि रुस्तिकिनी या अर्थतज्ज्ञांचा 2000 साली प्रसिद्ध झालेला प्रयोग तर मित्रांना पटतच नाही. शाळकरी मुलांना घरोघरी देणग्या गोळा करायला पाठवलं. एका गटाला जमलेल्या रकमेच्या 1 टक्का, दुसऱ्याला 10 टक्के, तिसऱ्याला काहीच नाही. (हे पैसे देणग्यांतून कापले जाणार नव्हते, वेगळे मिळणार होते.) सर्वांत जास्त रक्कम फुकट फिरणाऱ्यांनी आणली, सर्वांत कमी 1 टक्कावाल्यांनी.

म्हणून सेवेच्या नावाखाली तुटपुंजा पगार द्यावा, असं मात्र मी मुळीच म्हणत नाही. आम्ही बोनस बंद केला तेव्हा मूळ पगार वाढवला. शिवाय दर महिन्याला दोघं विश्वस्त केंद्रावर जाऊन दिवसभर बसतात आणि प्रवेश नाकारलेल्यांची वही आधी मागतात. एक मित्र म्हणाला, "मग हा नजर ठेवायचा खर्चच झाला की!" झालाच. मागच्या महिन्यात त्या वहीत चार नावं होती. चौघांनाही आम्ही फोन केले.