स्वयंपाकघर कापू नका

संकलनाच्या वर्गात मी दरवर्षी एक चित्रपट मुलांच्या हाती देतो: तोडा आणि पुन्हा जोडा. यंदा निवडला होता मुफिदा त्लातली यांचा 'द सायलेन्सेस ऑफ द पॅलेस', १९९४ सालचा. ट्युनिशियाच्या या दिग्दर्शिकेचा हा पहिलाच चित्रपट, आणि तो आला तेव्हा त्यांनी पंचेचाळिशी ओलांडली होती. त्याआधी पॅरिसला संकलन शिकून, मायदेशी परतून त्या वर्षानुवर्षं इतरांचे चित्रपट कापत-जोडत होत्या. अल्जीरियाच्या मर्झाक अल्लुआश यांचा 'ओमर गतलातो' त्यांनीच संकलित केला, ट्युनिशियाच्या फेरीद बुगेदीर यांचा 'हाल्फौईन'ही.

कथा १९५०च्या दशकातली, फ्रेंच सत्तेच्या अखेरच्या वर्षांतली. राजवाड्यातली दासी खदीजा आणि तिची मुलगी आलिया. मुलीचा बाप कोण, हे कुणी बोलत नाही.

मी सांगितलं होतं, लांबी निम्म्यावर आणा. जवळपास प्रत्येकाने खालचं स्वयंपाकघर उडवलं. भाजी निवडणाऱ्या, कपडे धुणाऱ्या, रेडिओ ऐकणाऱ्या बायका गेल्या. "तिथे काही घडत नाही ना, सर." मग आम्ही शेवट पाहिला. वर समारंभात आलिया स्वातंत्र्याचं गाणं गाते आणि खाली खदीजा गर्भ पाडताना मरते. वर्ग थंड. ती आई त्यांना परकी वाटली.

नंतर मूळ चित्रपट सलग लावला. त्याच शेवटाला एक मुलगी रडू लागली. बराच वेळ कुणी दिवे लावले नाहीत. मग तीच म्हणाली, "आपण तिची माणसंच काढून टाकली होती. तिच्यासाठी रडणार कोण?"

मला इतकी वर्षं हे इतक्या नेमकेपणाने मांडता आलं नव्हतं. मी मग त्यांना त्लातलींच्या आईबद्दल सांगितलं. आजारपणात ती माउली बोलेनाशी झाली, आणि तिला काय काय विचारायचं राहून गेलं, या तळमळीतून हा चित्रपट आला. कान महोत्सवात कॅमेरा द'ओर या पहिल्या चित्रपटासाठीच्या पुरस्काराच्या परीक्षकांनी त्याची खास दखल घेतली, ट्युनिशियातल्या कार्थेज महोत्सवात सुवर्ण तानित हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. तरीही पुढे त्यांच्या हातून मोजकेच चित्रपट झाले. २०२१ मध्ये त्या गेल्या. अशा दिग्दर्शिकेला आणखी चित्रपट करता यायला हवे होते, असं मला फार वाटतं.

मुलं घरी जायला तयार नव्हती. त्यांनी आपापली प्रत पुन्हा उघडली आणि आता वाद सुरू झाला तो कोणती बाई किती वेळ पडद्यावर राहावी यावर. पुढच्या तासाला त्लातलींचाच 'द सीझन ऑफ मेन' ठरलाय: जेर्बा बेटावरच्या बायका, आणि अकरा महिने ट्युनिसला राहून एका महिन्यासाठी घरी येणारे त्यांचे नवरे.