वाटप दाव्यात उशिरा सापडलेला कागद

वाटपाच्या दाव्यात उलटतपास सुरू झाला की जुने कागद बाहेर येऊ लागतात: पेटीतले वाटणीपत्र, आत्याचे हक्कसोडपत्र, पन्नास वर्षांपूर्वीचा फेरफार. कागद खरा असूनही अर्ज नामंजूर होतो, कारण इतके दिवस तो कुठे होता हे अर्जात लिहिलेलेच नसते.

मागाहून कागद दाखल करायला वादीला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम १४(३) खाली आणि प्रतिवादीला आदेश ८ नियम १अ(३) खाली न्यायालयाची परवानगी लागते. ‘सुगंधी विरुद्ध पी. राजकुमार’ (२०२०) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशा अर्जांकडे उदारपणे पाहायला सांगितले आहे, पण सबळ कारण दिले असेल तरच. ‘नजरचुकीने राहून गेला’ एवढ्यावर भागत नाही. कागद कोणाच्या ताब्यात होता, त्याची माहिती केव्हा आणि कशावरून झाली, नकलेचा अर्ज कधी दिला, नक्कल कधी मिळाली, हे तारखांसह शपथपत्रावर लिहा. सहीशिक्क्याच्या नकलेवर अर्जाची तारीख असते. ती दाव्याच्या आधीची निघाली तर ‘आत्ताच सापडला’ हे म्हणणे तिथेच कोसळते.

हा अर्ज करण्याआधी कैफियत (प्रतिवादीचे लेखी उत्तर) काढून वाचा. ‘वाटप पूर्वीच झाले आहे’ असे तिच्यात कुठेच नसेल, तर वाटणीपत्र दाखल होऊनही उपयोग नाही. कथनाशिवाय पुरावा वाचला जात नाही. अशा वेळी आधी आदेश ६ नियम १७ खाली दुरुस्ती मागावी लागते, आणि सुनावणी सुरू झाल्यावर तिथेही योग्य दक्षता घेतली होती हे दाखवावे लागते.

कागद दाखल झाला म्हणजे शाबीत झाला, असे मुळीच नाही. वाटणीपत्राला मुद्रांक अपुरा असेल तर शुल्क आणि दंड भरेपर्यंत ते कशासाठीच वाचता येत नाही. नोंदणी आवश्यक असून झालेली नसेल, तर त्यावरून वाटप सिद्ध होत नाही. वहिवाट कशी होती अशा आनुषंगिक गोष्टीपुरतेच ते चालते. तीस वर्षांपेक्षा जुना कागद योग्य ताब्यातून आला तर भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ९२ खाली सही-अक्षराबाबत गृहीतक धरता येते, मजकुराच्या खरेपणाबाबत नाही. मृत्युपत्राला तर तेही लागू नाही. साक्षांकन करणारा साक्षीदार तपासावाच लागतो. फेरफाराने मालकी ठरत नाही, पण तोंडी वाटप सांगणाऱ्याला त्याचा मोठा आधार असतो. ‘विनीता शर्मा’ निकालाने (२०२०) मुलींच्या हक्काविरुद्ध तोंडी वाटपाचा बचाव सार्वजनिक दस्तऐवजाच्या भक्कम आधाराशिवाय स्वीकारायला नकारच दिला आहे.

पुरावा बंदची पुरशिस (आपला पुरावा संपल्याचे लेखी निवेदन) दिल्यावर वाट आणखी अरुंद होते. साक्षीदाराला पुन्हा बोलावण्याचा आदेश १८ नियम १७ हा न्यायालयाला स्वतःच्या शंका फेडण्यासाठी आहे, उणिवा बुजवण्यासाठी नाही. ‘वेलुसामी’ निकालानंतर (२०११) दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ (न्यायालयाचे अंगभूत अधिकार) खाली पुरावा पुन्हा खुला करता येतो, तोही अपवाद म्हणून. अपिलात जादा पुरावा देण्याचा आदेश ४१ नियम २७ चा अर्ज अंतिम सुनावणीसोबतच ऐकायचा असतो. आधी निकाली काढायचा आग्रह धरू नका.

प्राथमिक हुकूमनाम्याला (हिस्से ठरवणाऱ्या निर्णयाला) अपील केले नसेल तर त्यातले हिस्से चुकले आहेत हे दाखवणारा कागद अंतिम हुकूमनाम्याच्या (प्रत्यक्ष वाटपाच्या निर्णयाच्या) वेळी पुढे करता येत नाही. संहितेचे कलम ९७ आड येते. मात्र मधल्या काळात हिस्सेदार वारला आणि हिस्से बदलले, तर मृत्यूचा दाखला आणि वारसांचा पुरावा घेऊन हिस्से दुरुस्त करून मागता येतात. ‘फूलचंद विरुद्ध गोपाल लाल’ (१९६७) पासून हे पक्के आहे.