लसीकरणाच्या कार्डावरचा पत्ता

अंगणवाडी सेविकेच्या नेमणुकीचा वाद थेट उच्च न्यायालयात का न्यावा लागतो, हे पक्षकार बायकांना समजावून सांगणे सोपे नसते. सेविकेची जागा हे शासनाचे नागरी पद नव्हे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली कर्नाटकातील अमीरबी प्रकरणात दिला. त्यामुळे सरकारी नोकरांचे वाद ऐकणाऱ्या प्रशासकीय न्यायाधिकरणाचा दरवाजा बंद झाला आणि मानधनावरच्या या जागेसाठी बहुतेक वेळा राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालील रिट याचिकाच उच्च न्यायालयात करावी लागते. मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूरचे सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयीन इमारतीत सुरू झाले. तोवर त्यासाठी मुंबई गाठावी लागे, आणि त्या खर्चाच्या धास्तीने कित्येक बायकांनी कागद गुंडाळून ठेवलेले मी पाहिले आहेत.

माझी पक्षकार पश्चिमेकडच्या डोंगराळ भागातल्या एका वाडीची सून. गुणानुक्रमे तिची निवड झाली, आदेश मिळाला, ती कामावर रुजूही झाली. पुढे ‘ही स्थानिक रहिवासी नाही’ अशी तक्रार गेली आणि तिचे म्हणणे ऐकूनही न घेता नेमणूक रद्द करण्यात आली. अंगणवाडीचा कार्यभार शेजारच्या गावच्या सेविकेकडे गेला. तिने दोन ठिकाणची वजने, उंच्या, पोषण आहार आणि मोबाइलवरच्या नोंदी कशा सांभाळाव्यात, याचा विचार आदेशात कुठेच नव्हता.

तक्रारीचा सगळा भर शिधापत्रिकेवर होता. माहेरच्या पत्रिकेतून तिचे नाव कमी होऊन सासरच्या पत्रिकेत चढले, ते अर्जाची मुदत संपल्यानंतर. आणि पात्रता अर्जाच्या अखेरच्या तारखेलाच पाहायची असते, हा नियम तर पक्का आहे. मात्र पात्रता त्या तारखेला असावी लागते. तिचा पुरावा एकाच कागदातून मिळावा, असे कोणी म्हटलेले नाही. सुनावणीच्या दिवशी मी न्यायमूर्तींना याचिकेसोबत जोडलेले माता-बाल संरक्षण कार्ड पाहण्याची विनंती केली. पिवळट पडलेल्या, घडीवर फाटून चिकटपट्टीने सांधलेल्या त्या कार्डावर तिच्या गरोदरपणाची नोंद होती, बाळाला दिलेल्या लसींच्या तारखा होत्या, सासरच्या वाडीचा पत्ता होता आणि अंगणवाडी म्हणून नेमके तेच केंद्र लिहिलेले होते, जिथून तिला परकी ठरवून काढले होते. या सगळ्या नोंदी जाहिरातीच्या बऱ्याच आधीच्या होत्या. लाभार्थी म्हणून ज्या यंत्रणेने तिला वाडीची मानले, तिनेच सेविका म्हणून तिला बाहेरची ठरवले होते. सहायक सरकारी वकिलांनीही त्या नोंदी नाकारल्या नाहीत.

दुपारच्या सुट्टीत व्हरांड्यात दुसऱ्या क्रमांकाची उमेदवार आपल्या वकिलांसोबत उभी होती. पदरात शाळकरी मुलगी असलेली विधवा. तिने वकिलांच्या देखतच मला सांगितले, “वकीलबाई, ती हितंच ऱ्हाती, ते मी न्हाई म्हणत न्हाई. माझं भांडण मार्कांचं हाय.” तक्रार तिच्या सहीची असली, तरी तिचा मजकूर गावातल्या कोणीतरी जाणत्याने लिहून दिला होता आणि त्यात गुणांचा मुद्दा एका ओळीपुरता उरला होता. मला तिचा राग आला नाही. वाईट वाटले ते याचे, की नियमाप्रमाणे विधवेला जादा गुण असतात आणि तिला पडलेला प्रश्न खरा होता, पण तो विचारायलाही तिला दुसऱ्याच्या राजकारणाचा आधार घ्यावा लागला. स्थानिक रहिवासाची अट मुळात सेविका पोरांच्या हाकेच्या अंतरावर असावी म्हणून आहे, आणि प्रतिस्पर्ध्याला बाद करायला गावोगावी तीच वापरली जाते.

न्यायालयाने रद्दबातलचा आदेश बाजूला सारला, दोघींना सुनावणी देऊन नव्याने निर्णय घेण्यास सांगितले आणि तोवर माझ्या पक्षकाराला कामावर ठेवण्याचे निर्देश दिले.

फेरसुनावणीत रहिवासाबाबत स्थळपाहणी झाली, शेजाऱ्यांचे जबाब झाले आणि नेमणूक कायम राहिली. दुसऱ्या बाईंनी त्याविरुद्ध दाद मागायचे ठरवले आहे. मी समोरच्या पक्षाची वकील असले, तरी त्यांनी ती मागावी असेच मला वाटते, कारण त्यांचे गुण कसे मोजले गेले, हे या सगळ्या कागदांत अजून कोणी तपासलेलेच नाही.