पाल्याचे पैसे

नवरीने फोनवर दाखवलेला फोटो परदेशातल्या कुठल्यातरी काचेच्या हॉलचा होता. छतभर हिरव्या वेली लोंबतायत, त्यांत बारीक दिवे, खाली पांढरी टेबलं. मी लग्नांची सजावट करते. या लग्नाचा हॉल कोकणात, कुडाळ तालुक्यातला, छताच्या लोखंडी कैच्यांवर पत्रे टाकलेला. तारीख मे महिन्यातली, मुहूर्त दुपारी बाराच्या पुढचा. सजावटीला हातात १८,००० रुपये. शहरातल्या एका डेकोरेटरने प्लास्टिकच्या वेलींचे पॅनल भाड्याने आणून लावायचे ४५,००० सांगितले होते, गाडीभाडं वेगळं. मुलीचे वडील निवृत्त एसटी कंडक्टर. आकडा ऐकून ते माझ्याकडे आले, म्हणाले, "ताई, तुमका जमात तसा करा, पण चेडवाचा मन मोडाक नको."

लोकांना वाटतं, सजावटीत खर्च फुलांचा. लोंबती हिरवाई करायची तर खरा प्रश्न पाणी आणि वजन हाच असतो. पान तोडल्यावरही त्यातून वाफ जात राहते आणि वरून टांगलेल्या डहाळीला पाणी मिळायची सोयच नसते. त्यात पत्र्याखालची दुपार म्हणजे भट्टी. मोठ्या शहरांत याला पाणी शोषून धरणारा हिरवा फोम वापरतात. विटेएवढा एक ठोकळा भिजला की दोन किलोच्या आसपास भरतो, वर टांगला की ठिबकतो, आणि दुसऱ्या दिवशी त्याचा चुरा कधीच न कुजणारं प्लास्टिक म्हणून मातीत जातो. लंडनच्या चेल्सी फ्लॉवर शोने २०२१पासून हा फोम बंद केला आहे. आपल्याकडे २०१८ साली थर्माकोलच्या सजावटीवर बंदी आली, पण फोमबद्दल कुणी ब्र काढत नाही. मी तो वापरत नाही. मला केळीचा खुंट पुरतो.

केळीला घड एकदाच येतो. घड उतरवला की बागायतदार ते झाड पाडतोच, त्यामुळे खुंट मिळायला अडचण नसते. त्याची सोपटं, म्हणजे एकावर एक गुंडाळलेले थर, सुटी केली की आत जाळीदार कप्पे आणि कप्प्यांत पाणी. डहाळीचा देठ तिरपा कापून त्यात खुपसायचा, वरून ओल्या काथ्याने आवळायचं. दिवसभराची ओल मिळते आणि वजन फोमच्या मानाने कमी. धोका एकच, चीक. केळीचा चीक कपड्यावर पडला तर तो तपकिरी डाग जन्मात जात नाही, आणि खाली पिवळ्या अष्टपुत्रीत नवरी उभी राहणार. म्हणून सोपटं आदल्या दिवशी कापून उभी ठेवावी लागतात, चीक निथळू द्यावा लागतो, कापलेली टोकं केळीच्याच सुक्या पानात बांधावी लागतात. हे काम मी दुसऱ्या कुणावर सोडत नाही.

सांगाडा मी माटवीसारखा केला. गणपतीवर टांगतात तीच चौकट, फक्त मोठी: पोफळीच्या रिपांचा ८ बाय १० फुटांचा जाळा, दीड-दीड फुटाचे चौक. माटवी माझ्या आजोळी दरवर्षी केवणीच्या सालीच्या दोरांनी बांधली जायची. तेव्हापासून मला माहीत आहे की सगळं जमिनीवर बांधून मग वर चढवायचं. शिडीवर उभं राहून एकेक वेल अडकवणारे डेकोरेटर मजुरीत बुडतात आणि पानंही चुरगाळतात. आम्ही बोहल्याच्या वरच्या कैचीला चार कप्प्या लावल्या आणि चारही दोर एकदम ओढले. भिजलेला सांगाडा ६० किलोच्या घरात होता. हॉलचे व्यवस्थापक आधी म्हणाले, छताला काही बांधायचं नाही. मग म्हणाले, बांधा, पण हजार रुपये जादा. नियम सुरक्षेसाठी असेल तर हजार रुपयांनी छत कसं मजबूत होतं, हे मला अजून कळलेलं नाही. कैची मी स्वतः दोर टाकून, दोन माणसं लोंबकळवून तपासली होती. व्यवस्थापकांनी ती कधी पाहिलीही नव्हती.

मधले दोन चौक मोकळे सोडले. खाली होम पेटणार, लाह्या पडणार, तूप पडणार. त्यावर कोरडी होत जाणारी पानं टांगणं म्हणजे गुन्हा आहे, आणि असे फोटो मी रोज पाहते.

आता पाला. नवरीला अगदी नाजूक, दोऱ्यासारखी पानं हवी होती. त्या जातीच्या शोभेच्या शतावरीची जुडी बाहेरून आणावी लागते आणि गरम हवेत तिची पानं गळून खाली हिरवा कचरा पडतो. त्याऐवजी मनी प्लांट. आमच्या पोफळीच्या बागांत तो खोडावर इतका माजतो की हाताएवढी पानं होतात. मालकाला तो नकोच असतो. तोडलेली वेल पाण्याशिवायही दोन दिवस तग धरते. मात्र तिचा रस अंगाला लागला की खाज सुटते, म्हणून हातमोजे घालून ओढायची आणि टोकं धुवायची.

आंब्याचे टाळ, म्हणजे पानांच्या डहाळ्या, हवेतच, त्याशिवाय लग्न कसलं. पण मे महिन्यात हापूसच्या झाडाला हात लावू देणारा माणूस तुम्हाला कोकणात सापडणार नाही, पेटीचा हिशोब त्याच्या डोक्यात असतो. आम्ही ओढ्याकडच्या जुन्या रायवळ झाडाचे टाळ घेतले, तेही बिनफळाच्या बाजूचे. प्रत्येक टाळ आपटून, मग पाण्यात बुडवून घ्यायचा, कारण त्यात हुमले असतात. वरातीतल्या एखाद्या काकूंच्या मानेवर लाल मुंग्या उतरल्या तर सजावटीचं नाव काय राहील? पिवळ्या रंगासाठी बहावा, पण उमललेला नाही, कळीतला. उमललेले घोस तासाभरात पाकळ्या टाकतात.

टाळ तोडणाऱ्या पोराने सोबत सीतेची वेणी, म्हणजे झाडावर वाढणारं ऑर्किड, आणली होती, झाडावरून खरवडून. मी त्याला ती परत झाडाला बांधून यायला लावलं. एका दुपारच्या शोभेसाठी ते आमरीचं फूल मुळासकट उपटायचं नसतं, हे त्याला आधी कुणी सांगितलंच नव्हतं. तो मुकाट गेला आणि बांधून आला.

बांधणीला बचतगटातल्या पाच बायका होत्या. त्यांच्यात साठीच्या एक काकी आहेत. नारळाची झावळी मांडीवर घेतली की बघता बघता तिची जाळीदार झालर होते. कोवळी पाती आत, जून बाहेर, वळण एकाच दिशेने. मला ते त्यांच्या वेगाने येत नाही. पहाटेआधी तोड, सावलीत पाणी, दुपारी निवड, रात्री बांधणी, सकाळी चढवणं. हॅलोजन काढून एलईडीच्या माळा लावल्या, कारण हॅलोजनखाली पान अक्षरशः भाजतं. वेलींची टोकं साडेसात फुटांवर कापली, नवऱ्याचा फेटा आणि वर थोडी जागा. फोटोग्राफरला ती आणखी दोन फूट खाली हवी होती, "फ्रेममध्ये यायला". मी नाही म्हटलं. अंतरपाट धरणाऱ्यांच्या डोळ्यांत पानं जाणारी सजावट फक्त कॅमेऱ्यासाठी असते.

मुहूर्ताला सगळं हिरवंगार होतं. नवरीने वर पाहिलं आणि तिचा चेहरा असा उजळला की माझं जागरण वसूल झालं. संध्याकाळी चार वाजताही मनी प्लांटचं एकही पान कोमेजलेलं नव्हतं. मला याचा अभिमान आहे आणि तो मी लपवणार नाही.

बिल मागायला गेले तेव्हा पुढे मुंबईहून आलेले एक काका. कागद हातात घेऊन म्हणाले, "पालो तर रानातलो, तेका पैशे कसले?" त्यांनी ४,००० कमी करायला सांगितले. मुलीचे वडील खाली मान घालून बसले होते. मी हिशोब मांडला: बायकांची मजुरी, तोडणाऱ्या दोघांची, रिपा आणि दोर, टेम्पो, दिव्यांचं भाडं, हॉलवाल्यांचे हजार. पाल्यापुढे शून्य. तरी त्यांचं एकच पालुपद. याच काकांनी बँडवाल्याला मागेल तेवढे दिले होते. प्लास्टिकची वेल भाड्याने आणली असती तर तिची किंमत विचारून गप्प बसले असते, याची मला खात्री आहे. पाकिटावर किंमत छापलेली नसली की आपल्या लोकांना वस्तूमागची माणसं दिसेनाशी होतात.

वडिलांनी शेवटी पूर्ण रक्कम दिली, बाजूला बोलावून. त्या वेळी त्यांचे हात थरथरत होते. त्यातले किती उसने होते, मला माहीत नाही.

तेव्हापासून हे डोक्यात फिरतंय. काका चुकीचे होते, पण १८,००० मध्ये ते काम बसलं कारण मी माझे तास धरलेच नाहीत आणि बायकांना दिवसाला ५०० दिले. रात्रीच्या बांधणीचे वेगळे दिले नाहीत. त्यांनी मागितलेही नाहीत. काकींच्या हातातली ती झालर शहरातल्या हॉटेलात कितीला जाईल याचा मला अंदाज आहे. पण खरा दर लावला तर कंडक्टरच्या मुलीच्या डोक्यावर पुन्हा प्लास्टिकच येणार, किंवा काहीच नाही. स्वस्त सजावट कुणाच्या जिवावर स्वस्त होते, हे मला आता नेमकं दिसतं आणि त्यावरचा उपाय दिसत नाही.

बिलाचा कागद मात्र मी बदलला आहे. आता त्यात तोड, निवड, पाणी, विणकाम, रात्रपाळी, चढवणं, उतरवणं असे वेगळे रकाने आहेत. बायकांसमोर बसून त्यांचे दर त्यांच्याकडूनच लिहून घेतले. काकींनी विणकामाचा दर सांगायला बराच वेळ घेतला आणि सांगितला तो मला कमीच वाटला. मी वाढवून लिहिला, तर म्हणाल्या, "इतक्या कोण देतला गो?"

काल सावंतवाडीहून एका मुलीच्या आईचा फोन आला. त्याच लग्नात जेवून गेलेल्या. त्यांना तस्संच हवंय, १२,००० मध्ये. नवा कागद समोर ठेवून बेरीज केली, ती २३,००० वर जाते. चौकट लहान केली, दिवे काढले, तरी १७. त्यांना उद्या कळवते म्हटलंय.