आमची वाटचाल: लग्नसराई, पूर आणि माहितीपट

हनोईत आम्हा दोघींची छोटी निर्मितीसंस्था आहे. दिग्दर्शन आणि कॅमेरा माझी भागीदार सांभाळते, ती नाम दिन्हची. ध्वनी, संकलन आणि हिशेब माझ्याकडे, मी सांगलीची. पाटीवर काहीही लिहिलेलं असो, ऑफिसचं भाडं निघतं ते लग्नांच्या शूटिंगवर. तेत, म्हणजे इथलं नववर्ष, जवळ आलं की कंपन्यांच्या वार्षिक मेजवान्याही मिळतात.

चांद्र पंचांगाचा सातवा महिना इथे भुतांचा मानतात. आपल्या पितृपंधरवड्यासारखाच. लग्नं नाहीत, घरखरेदीही टाळतात. धंदा थंड, कॅमेरे मोकळे. त्या महिन्यात आम्ही स्वतःचं काम, म्हणजे माहितीपट, करतो. तेच दिवस तांबड्या नदीच्या पुराचे, त्यामुळे आमचा विषय थोडा पंचांगानेच ठरवला म्हणायचा.

फ्रेंचांनी 1902 मध्ये पुरा केलेल्या लाँग बिएन पुलावर फोटो काढायला झुंबड असते. पुलाजवळच नदीवर पिंपांवर फळ्या ठोकून उभारलेली तरंगती घरं आहेत. वेगवेगळ्या प्रांतांतून आलेली माणसं इथे राहतात. कुणी भंगार गोळा करतं, कुणी लाँग बिएनच्या घाऊक बाजारात रात्रभर हमाली करतं. अनेकांकडे रहिवासाची नोंदच नव्हती, म्हणून मुलांचे शाळाप्रवेश अडायचे. हीच वस्ती आमच्या माहितीपटाचा विषय. भागीदार आधी तिथे नुसतीच जाऊन बसायची. मी मात्र तासांचा हिशेब मांडायचे.

अशा चित्रपटांना पैसा देणारे देशात थोडे. हा ले झिएम या ताय समाजातल्या दिग्दर्शिकेने उत्तरेकडच्या डोंगराळ सा पा भागातल्या ह्मोंग समाजाच्या एका मुलीसोबत काही वर्षं राहून, एकटीने चित्रीकरण करून माहितीपट केला. 2021 मध्ये ॲमस्टरडॅमच्या ‘इडफा’ या माहितीपट महोत्सवात तिला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला, पुढे ऑस्करच्या पंधरा माहितीपटांच्या प्राथमिक यादीतही तिचा माहितीपट आला. तेव्हापासून परदेशी निधीसाठी अर्ज करताना आमचं बोलणं निदान ऐकून घेतात. पैसे मिळतातच असं नाही.

सप्टेंबर 2024 मध्ये यागी वादळानंतर हनोईत नदीने 11 मीटरची पातळी ओलांडली, वीस वर्षांत एवढं पाणी आलं नव्हतं. वस्तीतल्या लोकांना हलवलं, पूल वाहतुकीला बंद झाला. भुतांचा महिना नुकताच सरला होता, लग्नांचे विसार घेतलेले. भागीदार म्हणाली, “लग्नं तू बघ.” मी ओळखीतला कॅमेरामन भाड्याने घेतला, नफा त्यात गेला. ती लोकांना ठेवलं होतं तिथे. तिचं चुकलं असं मला आजही वाटत नाही, पण त्या तिमाहीचा ताळेबंद मी अजून तिला दाखवते.

2025 मध्ये अधिक महिना आल्याने सातवा महिना 23 ऑगस्टला लागला आणि हंगाम उशिरा सुरू झाला. संकलन त्यात बरंच उरकलं. आता वर्गीकरणाच्या परवान्याचा, म्हणजे चित्रपट कोणत्या वयाच्या प्रेक्षकांसाठी हे ठरवणाऱ्या सरकारी परवान्याचा, अर्ज करायचा आहे. माहितीपट परदेशी महोत्सवात पाठवायचा तरी तो लागतोच. तोवर नोव्हेंबरच्या लग्नांच्या तारखा घेणं चालू आहे.