कशेळीचा हत्ती आणि फक्कीची पिशवी

कोकणातल्या कातळशिल्पांवर डॉक्युमेंटरी करतोय, त्यातला कशेळीचा दिवस डोक्यातून जातच नाहीये म्हणून लिहून टाकतो.

राजापूर तालुक्यातलं कशेळी लोकांना कनकादित्याच्या देवळामुळे माहीत असतं. गावच्या सड्यावर, म्हणजे उघड्या सपाट कातळावर, जांभ्यात साधारण १८ मीटर लांबीचा हत्ती कोरलाय, त्याच्या पोटात आणखी कितीतरी प्राणी. २०२२ ला युनेस्कोच्या संभाव्य यादीत कोकणातली जी कातळशिल्पं गेली त्यात हाही आहे.

लोकांना वाटतं ड्रोन उडवला की झालं. नाही हो. दुपारी ऊन डोक्यावर असलं की रेघेत सावलीच पडत नाही, वरून नुसता करपलेल्या भाकरीसारखा काळा कातळ दिसतो. सकाळचा तासभर आणि संध्याकाळचा तासभर, एवढंच तिरपं ऊन आपलं, त्यातही उन्हाला आडव्या जाणाऱ्या रेघा उठतात आणि उन्हाच्याच दिशेने धावणाऱ्या गायब होतात, म्हणजे अख्खा हत्ती एका वेळी मिळतच नाही.

त्या दिवशी सकाळ ढगांत गेली. निर्मात्यांचा फोन, फक्की (रेघा उठून दिसाव्यात म्हणून भरायची पांढरी पूड) टाका ना रेघांत, सगळेच टाकतात. खरंय, नेटवरचे कितीतरी ठसठशीत फोटो तसेच काढलेत आणि मला ते कधीच पटलेलं नाही. तरी मी हो म्हणालो. दुसरा दिवस परवडणार नव्हता.

असिस्टंट पोरगं मन लावून भरत होतं. पोटातल्या एका माशाला छान वळणदार शेपूट आली, मॉनिटरवर बघून मी खूश. आमच्याबरोबर गावातले एक काका होते, ते वाकून म्हणाले, "ही रेघ नाय हो, भेग आहे. पावसात पाणी जातं हितून." बोट फिरवून बघितलं. कोरलेल्या रेघेची कड बोटाला गोल लागते, ही धारदार होती. कोरणाऱ्यांनी लिहिलेलं एक अक्षर मागे नाही, नक्की काळ अजून ठरलेला नाही, असलेला पुरावा म्हणजे ती रेघ, आणि आम्ही तिला एक जोड देऊन बसलो होतो. तो शॉट गेला असता तर पुढे लोकांनी तसाच मासा काढला असता.

थांबवलं सगळं. रंगाच्या मऊ ब्रशने तासभर झाडलं, पण जांभ्याच्या बारीक भोकांत गेलेली पांढरी पूड निघेना. संध्याकाळी पाच-साडेपाचला ऊन आलं, सोंड आणि पुढचे पाय मिळाले, पाठ नाहीच.

निर्मात्यांना अजून तो पांढरा शॉटच हवाय. मी हार्डडिस्कवरून तो उडवलाय, त्यांना सांगितलंय. त्यावरून बोलणं बंद आहे सध्या. काकांना परवा फोन केला होता, म्हणाले माशाजवळ अजून पांढरं दिसतंय. पहिला मोठा पाऊस झाला की बघायला जाणार आहे.